आठ सेकंदांची विधवा

बुकित बातोकच्या फ्लॅटमध्ये बसून बसून मला कंटाळा आला, म्हणून मी एका कास्टिंग एजन्सीत नाव दिलं. तेव्हा सिंगापुरात अधूनमधून ब्रिटिश मालिकांचं शूटिंग व्हायचं आणि मागे उभे करायला त्यांना भारतीय चेहरे लागायचे. माझी कारकीर्द ऐका: पहिल्या मालिकेत विमानतळावर बॅग ओढली, दुसरीत नर्स होऊन ट्रे नेला. ट्रे दिसला, मी नाही! तरी पुण्याला फोन करून सगळ्यांना सांगितलंच. हौसेला मोल नसतं.

तिसऱ्या वेळी मात्र खरी भूमिका मिळाली, खून झालेल्या इंजिनिअरच्या बायकोची. पोलीस दारात येऊन बातमी सांगतात आणि कॅमेरा थेट माझ्या तोंडावर! पण पुढच्या प्रसंगात कपाळ आणि गळा मोकळा हवा होता. घरात सासूबाई राहायला आलेल्या, सासरे जाऊन चार वर्षं झालेली. त्यांच्यासमोर मी हौसेनं मंगळसूत्र उतरवायचं? छे! आणि भूमिका सोडायची म्हटलं तर जीव तुटत होता. नवऱ्याला विचारलं, तर म्हणे, “मला आधीच मारून टाकलंयस, आता विचारतेस कशाला?”

शेवटी मेथी निवडता निवडता सासूबाईंना सांगून टाकलं. त्या जुडी हातात धरून ऐकत राहिल्या.

“कर की,” त्या म्हणाल्या. “खोट्या मरणानं आयुष्य वाढतं माझ्या लेकाचं. पण रडणार कशी, दाखव बघू.”

मी ऊर बडवून दाखवला.

“काहीतरीच तुझं! मला ह्यांची बातमी कळली तेव्हा दारात ही एवढी माणसं उभी. मी आपली बघतेय, एवढ्यांच्या चहाला दूध पुरेल का.”

सेटवर मी तेच केलं. पोलीस बोलत होता आणि माझ्या डोक्यात दुधाचं पातेलं. डायरेक्टरला हंबरडा हवा होता. त्यानं शॉट परत लावून पाहिला आणि म्हणाला, हेच ठेवू.

मालिका लागली तेव्हा आम्ही सगळे टीव्हीसमोर. मला जेमतेम आठ सेकंद मिळाले. “सो फास्ट लाह!” लेक तिच्या सिंगापुरी इंग्रजीत हिरमुसली. सासूबाई म्हणाल्या, “परत लाव.” तिसऱ्यांदा पाहताना त्यांनी पदर डोळ्यांना लावला. मी रिमोट उचलला.

“आई, बंद करू का?”

“नको गं. तेव्हा मी रडले नाही म्हणून जावा मला दगड म्हणाल्या होत्या. चार वर्षं मलाही वाटत होतं, असेन बाई मी दगड.”