माझी साडी नेसलेले हे

ही वही कुणाच्या हाती लागलीच तर माझ्या अक्षराला हसू नका आणि शुद्धलेखनाच्या चुका पोटात घाला. माझी शाळा चौथीत सुटली.

आमच्या ह्यांनी एकदा पिक्चर काढला होता. मोरिवलीला कंपनीत होते. तिथले दोघे मित्र आणि लग्नाच्या शूटिंगचा भाड्याचा कॅमेरा घेऊन आमच्याच खोलीत काढला. गोष्ट अशी नव्हतीच. नुसते सुटे तुकडे, पादण्याचे आणि संडासच्या रांगेचे विनोद. बाईचं काम करायला कुणी मिळेना. मी तर दाराआड. मग हेच माझी जांभळी साडी नेसून उभे राहिले. चित्र हलायचं, तोंडं पिवळी दिसायची, मध्येच माझ्या कुकरची शिट्टी. नळावर बायका विचारायच्या, "काय गं, आज साडी कोण नेसणार, तू का तो?" मी हंडा उचलून निघून यायचे.

सीड्या खपल्या नाहीत, एक सोडून सगळ्या भंगारात गेल्या. पैसे बदलापूरच्या मोठ्या नणंदेकडून घेतलेले, वीस हजार. पुढच्या वर्षी हे गेले. तेराव्याला घरात उरलेली एकच सीडी नणंदेने पिशवीत टाकली.

"पैसे फिटले की घेऊन जा."

मी मान हलवली. ह्यांचा आवाज दुसरीकडे कुठेच नाही, हे मला सांगता आलं नाही.

पिक्चरभर हे बारीक बायकी आवाजात बोलतात. पण एके ठिकाणी कॅमेरा बंद करायचा राहिला. तिथे ह्यांचा स्वतःचा आवाज आहे, "अगं, निऱ्या सुटल्या बघ, ये जरा." मग माझा हात दिसतो. कुणी शहाण्याने काढला असता तर तेवढं कापलं असतं.

उल्हासनगरहून टेम्पोने जीन्सचे गठ्ठे येतात. मी त्यांचे धागे कापते. बोटं निळी होतात. दिवसभर खोलीत कात्रीचाच आवाज. एकटीसाठी कुकर लावत नाही. सीडी प्लेअर फडक्याखाली झाकून ठेवला होता. दर महिन्याला पाचशे घेऊन बदलापूरला जायचं, चहा प्यायचा, परत यायचं.

काल शेवटचे पाचशे टीव्हीजवळ ठेवले. नणंदेने सीडी काढली, पण हातातच धरून बसली.

"एकदा लावू का गं? मग ने."

लावली. साडीतल्या भावाला बघून ती हसली नाही. निऱ्यांची जागा जवळ आली तशी पुढे सरकून तिने आवाज वाढवला. तिलाही ती जागा पाठ होती.

संपल्यावर तिने सीडी पदराने पुसली, माझ्या पिशवीत ठेवली आणि मग नोटा उचलल्या. सगळे पैसे फिटले.