डेलची मान नक्की काय म्हणते?

बॉल अंपायरच्या छातीवर आदळला आणि तो मटकन खाली बसला. आत पॅड होतं म्हणून निभावलं. कॅचर टोनी मास्क काढून पिचरवर ओरडत होता. पिचर डेल टोनीवर ओरडत होता. आमचा मॅनेजर हँक मात्र माझ्याकडे बघत होता.

"डॉक, काय करून ठेवलंस तू त्याला?"

मी डॉक्टर नाही, फिजिओथेरपिस्ट आहे. नागपूरला शिकले, अमेरिकेत येऊन पुन्हा परीक्षा दिल्या. २००६ च्या उन्हाळ्यात ओहायोतल्या डब्लिनमध्ये मी ज्या क्लिनिकमध्ये काम करायचे, त्याच्याकडे तासाभराच्या अंतरावरच्या एका छोट्या बेसबॉल टीमचं कॉन्ट्रॅक्ट होतं. मॅच असली की मी मैदानाच्या कडेला खेळाडूंच्या बाकावर बसायचे. हे सगळं हँकला तीनदा सांगून झालं होतं. तो डॉकच म्हणायचा.

डेल सदतीस वर्षांचा होता. पंधरा वर्षांत बारा टीम झाल्या होत्या. अशा खेळाडूला इथे जर्नीमन म्हणतात. काम येतं, पण मुक्काम कुठेच नाही. बॅग पूर्ण रिकामी करायची त्याची सवयच मोडली होती. एकदा तो सर्वांत वरच्या लीगमध्ये नऊ दिवस होता. त्या नऊ दिवसांबद्दल तो मला गेले दोन महिने सांगत होता.

बायकोला त्याने शब्द दिला होता. जून संपेपर्यंत वरच्या एखाद्या क्लबने घेतलं नाही, तर बेसबॉल बंद आणि मेहुण्याच्या कार्पेटच्या दुकानात काम सुरू. त्या दिवशी जूनचा शेवटचा शनिवार होता. चौथ्या रांगेत एक स्काउट, म्हणजे खेळाडू हेरायला येणारा क्लबचा माणूस, हातात वेग मोजायचं यंत्र घेऊन बसला होता. तो डेललाच बघायला आला होता.

आणि डेलची मान आखडली होती.

दोन दिवस आधी टीम बाहेरगावची मॅच खेळून आली. अकरा तासांचा बसप्रवास. डेल काचेला डोकं टेकवून झोपला आणि सकाळी तसाच वाकडा उतरला.

"डावीकडे बघता येत नाही."

"किती येत नाही?"

"टोनी दिसत नाही."

हे गंभीर होतं. उजव्या हाताने टाकणारा पिचर डावा खांदा पुढे करून उभा राहतो. मान वळली नाही तर त्याला बॉल आठवणीवर टाकावा लागेल.

मी शेक दिला, स्नायू मोकळे केले आणि व्यायाम सांगितला. डावा कान डाव्या खांद्याकडे, उजवा उजव्याकडे. डेल कपाट सरकवल्यासारखा जोर लावायला लागला.

"अरे, इतका जोर नको. थोडंसं. सैल." मी करून दाखवलं.

"एवढंसंच?"

मी मान हलवली.

"हे हो म्हणालीस की पुन्हा व्यायाम दाखवलास?"

"हो म्हणाले. उभा असशील तिथे करत राहा. मैदानावरसुद्धा. थांबलास की आखडेल."

शेवटची तीन वाक्यं माझी चूक होती. ती समजायला थोडं बेसबॉल लागतं.

पिचर म्हणजे बॉलर आणि कॅचर म्हणजे विकेटकीपर, असं धरून चाला. फरक एवढाच, की इथे कुठला बॉल टाकायचा ते कीपर सुचवतो. तो उकिडवा बसून मांड्यांच्या आडून बोटं दाखवतो. एक बोट म्हणजे वेगवान बॉल, दोन म्हणजे वळणारा. पिचरने मान खालीवर केली की ठरलं. आडवी हलवली की कॅचर दुसरं काहीतरी सुचवतो. दोघांचं सगळं बोलणं मानेवर चालतं. क्रिकेटमधल्या एकाही बॉलरने हे ऐकून घेतलं नसतं. आणि इथे एक मॅच नऊ छोट्या इनिंगची असते.

आता डेलने काय केलं बघा. पहिल्याच इनिंगमध्ये टोनीने एक बोट दाखवलं. डेलने हो म्हटलं आणि लगेच माझा व्यायाम केला. डावा कान, उजवा कान, सैल. टोनीला वाटलं, याचा विचार बदलला. त्याने दोन बोटं दाखवली. डेल तेव्हा उजव्या खांद्याकडे कललेला होता. वळणाऱ्या बॉलची वाट बघणाऱ्या टोनीच्या ग्लव्हजवरून वेगवान बॉल गेला आणि अंपायर खाली बसला.

हँक एकदा आत जाऊन आला. पुढच्याच बॉलला तीच गत झाली. या वेळी टोनीच्या अंगठ्याला लागलं. प्रेक्षकांतून कोणीतरी ओरडलं, "डेल, गाणं आम्हालाही ऐकव की!"

"मी त्याच इनिंगमध्ये पुन्हा आत गेलो तर पिचर बदलावा लागतो," हँक म्हणाला. "तू जा. दुखापत म्हणून सांग."

टोनीचा अंगठा सुजायला लागलाच होता, त्यामुळे खोटं बोलावं लागलं नाही. तिघं मैदानाच्या मध्यभागी उभे राहिलो. मी अंगठ्यावर बर्फ धरला.

"व्यायाम बंद कर," टोनी डेलला म्हणाला.

"बंद केला तर तू दिसत नाहीस."

"मग हो की नाही ते धड सांग!"

"हो म्हणतोय मी! पण मान खाली केली की कळ येते, म्हणून मग तो व्यायाम करतो."

"थांबा," मी म्हटलं. "मान खालीवर करूच नकोस. आजपासून हा व्यायाम म्हणजे हो. आडवी मान म्हणजे नाही, ते तसंच."

टोनी माझ्याकडे बघत राहिला. "असं कोण हो म्हणतं?"

"शंभर कोटी माणसं."

"आणि नाही कसं म्हणतात?"

"जवळपास असंच."

"मग त्यांना कळतं कसं?"

"ते सवयीने होतं. तुझ्याकडे आठ इनिंग आहेत."

अंपायर छाती चोळत आला. "तुमच्या घरगुती गप्पा झाल्या असतील तर खेळूया का?"

त्यानंतर सगळं सुरळीत झालं. जरा जास्तच. बॅट्समनला पिचरचं खालीवर डोकं बघायची सवय असते. ते झालं की तो सावध होतो. इथे डोकं खालीवर व्हायचंच नाही. बॅट्समनला वाटायचं, अजून यांचं ठरतंय. तो निवांत असताना बॉल येऊन जायचा. चौथ्या इनिंगला समोरचा मॅनेजर तणतणत अंपायरकडे गेला. पिचर फसवणूक करतोय, अशी तक्रार. अंपायर माझ्याकडे आला.

"हे मेडिकल आहे का?"

"हो."

"नाव काय याचं?"

"साइड फ्लेक्शन."

मान कलवण्याचं शास्त्रीय नाव ऐकून त्याचं समाधान झालं.

डेलने सात इनिंग टाकल्या आणि एकच रन दिला. मॅच संपल्यावर स्काउट खाली उतरला तो थेट माझ्याकडे, मानेला काय झालंय ते विचारायला. डेल त्याच्या मागे उभा होता, चेहरा पांढराफटक.

"पेशंटने परवानगी दिल्याशिवाय मी बोलत नाही," मी म्हटलं.

"सगळं सांग," डेल घाईने म्हणाला.

"बसमध्ये वाकडा झोपला. आठवड्यात बरा होईल."

स्काउटने वही उघडली. "बरा झाला की असंच टाकेल का?"

प्रश्न बरोबर होता. "ते मला माहीत नाही. मी मान बघते. हात तुम्ही बघितलात."

"हात चांगला आहे," तो म्हणाला आणि वही मिटली.

मंगळवारी डेलला फोन आला. वरच्या क्लबच्या राखीव टीममध्ये जागा मिळाली. मान पाचव्या दिवशी सुटली. तिथे तो सरळ मानेने दीड सीझन खेळला आणि मगच कार्पेटकडे वळला. ठीकठाक खेळला, असं हँक म्हणाला.

क्लिनिकच्या फॉर्मवर पेशंटचं काम काय, असा रकाना असतो. डेलच्या फॉर्मवर मी स्वतः 'पिचर' लिहिलं होतं आणि मनात फक्त खांदा धरला होता. त्या कामात तो मान कशासाठी वापरतो, हे विचारलंच नव्हतं. तेव्हापासून विचारते. पुढच्या वर्षी अशीच आखडलेली मान घेऊन गुरांचा एक व्यापारी आला. लिलावात बोली कशी लावता, असं मी विचारलं. मान हलवून, म्हणाला. त्याला फक्त शेक दिला. व्यायाम सांगितला तो लिलाव झाल्यावर, सोमवारी.