पारोळ्याचा बंब आणि आबांची आंघोळ

बुधवारी सकाळी पारोळ्याहून फोन आला, तेव्हा मी ‘बंब’ या शब्दाची व्युत्पत्ती लिहीत बसलो होतो. हा योगायोग मी रचलेला नाही. एका वाचकाने विचारलं होतं, पाणी तापवायच्या भांड्याला बंब का म्हणतात आणि आग विझवायच्या गाडीलाही बंबच का? एकाच्या पोटात आग, दुसऱ्याच्या पोटात पाणी, आणि नाव एक. मी संस्कृतातल्या ‘अम्बु’पासून निघून दोन पानं ओलांडली होती. तेवढ्यात बायको फोन हातात धरून दारात उभी राहिली.

“आबांनी तीन दिवस आंघोळ केलेली नाही.”

आबा म्हणजे तिचे मामा, वय ऐंशीच्या पुढे. रविवारी त्यांच्या नातीचा, हर्षदाचा, साखरपुडा. घरातला तांब्याचा बंब सोमवारी गळायला लागला आणि आबांनी जाहीर केलं की बंब दुरुस्त होईपर्यंत आंघोळ नाही, आणि बिनआंघोळीचा मी पाटावर बसणार नाही. न्हाणीघरात गिझर आहे. पण त्यांच्या मते, “गिझरना पानीमा जीव नही.”

“मग बंब दुरुस्त करा,” मी म्हणालो.

“सगळे साखरपुड्याच्या कामात आहेत. रिकामं कोण आहे?”

माझी दोन पानं तिने वाचली होती. “ही व्युत्पत्ती गेली बंबात,” ती म्हणाली, “तुम्ही जळगावच्या गाडीचं तिकीट काढा.” शब्दाचा हा तिसरा अर्थ मी टिपून घेतला आणि निघालो.

शुक्रवारी सकाळी जळगाव स्टेशनवर उतरलो. खानदेशात यायचं तर थंडीत यावं. भरताच्या वांग्यांचा हंगाम असतो आणि उन्हाळ्यात माणूस स्वतःच भरीत होतो. मात्र स्वेटर आणा. इथली पहाटेची थंडी पुण्याच्या माणसाला थट्टेची वाटते आणि मग थट्टा त्याच्यावर उलटते. स्टँडजवळ पोहे खाल्ले, वर शेव इतकी की पोहे शोधावे लागले. तिथून धुळ्याकडे जाणारी कुठलीही एसटी पारोळ्याला सोडते. एरंडोलमार्गे दीड-दोन तास धरा. दोन्ही बाजूंना केळी, मग कपाशी, मग कपाशीच्या वाळलेल्या काड्यांचे भारे. या काड्यांना पऱ्हाट्या म्हणतात आणि त्या शेवटी बंबातच जातात, हे मला नंतर कळलं.

पारोळ्याला आबा अंगणात खुर्चीवर बसले होते. धुतलेलं धोतर, डोक्यावर टोपी, कपाळाला गंध. चार-पाच हात अंतरावरून माणूस अगदी शुचिर्भूत वाटत होता. मी वाकून नमस्कार केला आणि अंतराचं महत्त्व कळलं.

“उनात का जवाईबुवा,” आबा म्हणाले, म्हणजे आलात का. “बंब दखा. मंग चहा.”

बंब न्हाणीच्या बाहेर ओट्यावर होता. ज्यांनी पाहिला नसेल त्यांच्यासाठी सांगतो: कंबरेएवढं तांब्याचं पिंप, मधून आरपार गेलेलं नळकांडं, खाली जाळी, पुढे पितळी तोटी. नळकांड्यात वरून लाकडं टाकायची, भोवतीचं पाणी तापतं. शेजारी बंबफोडीची रास होती, म्हणजे नळकांड्यात मावतील अशी बारीक फोडलेली लाकडं. आबांनी ती लांबीप्रमाणे लावून ठेवली होती. माझी पुस्तकं इतकी नीट नाहीत.

“गळतो कुठून?”

“खालतीन,” आबा म्हणाले, आणि एकदम टोपी नीट करायला लागले. “जुना शे. आपोआप गयना.”

जेवताना वहिनी, म्हणजे आबांच्या सूनबाई, हळूच म्हणाल्या, “भाऊजी, मी रोज म्हणते, गिझर लावू देते. ऐकत नाहीत. आता पाहुणे येतील, सोयरे येतील, आणि हे असे. हर्षदाच्या सासरकडचे काय म्हणतील?”

हर्षदा भाकरी मोडत म्हणाली, “मी सांगितलंय, आबा पाटावर नसतील तर मी पण नाही.”

वहिनींनी माझ्याकडे पाहिलं. दोन पिढ्या पाटावरून उठायला तयार होत्या आणि मधे मी, हातात ज्वारी-उडदाच्या कळण्याची भाकरी.

गावातला दुरुस्ती करणारा दुकान बंद करून मुलाकडे सुरतला गेला होता. धुळ्याला एक म्हातारे तांबट आहेत एवढीच माहिती. पत्ता कुणाकडे नाही. शनिवारी सकाळी आम्ही निघालो. आम्ही म्हणजे मी आणि बंब. “नजर लागी,” म्हणून आबांनी तो स्वतः जुन्या चादरीत गुंडाळला, वर झाकणाच्या जागी गाठ मारली. एसटीत तो खिडकीशी बसला, मी शेजारी.

कंडक्टर आले, चादरीकडे आदराने पाहून आवाज खाली आणत म्हणाले, “आजारी शेतस का?”

“गळती आहे,” मी म्हणालो.

“अरेरे. दवाखान्यात का? बाई असतील तर अर्धं तिकीट. आजोबा पंच्याहत्तरच्या वर असतील तर लागत नाही.”

“वय असेल तेवढं. पण आधार कार्ड नाही.”

कंडक्टरने समजुतीने गाठीवर हात ठेवला. तांबं वाजलं. बसमधल्या पुढच्या चार रांगा मागे वळल्या. “भाऊ,” कंडक्टर म्हणाले, “यानं लगेज लागी.” मी लगेजचे पैसे दिले. धुळ्यापर्यंत मागून कोणीतरी अधूनमधून विचारत होतं, “आजोबा बरा शेत ना?”

धुळ्यात उतरल्यावर रिक्षावाल्याला सांगितलं, “बंब दुरुस्तीला जायचंय.” तो तत्परतेने निघाला. दहा मिनिटांत आम्ही एका मोठ्या फाटकाशी उभे होतो. आत दोन लाल गाड्या, आणि खुर्च्या टाकून ऊन खात बसलेले चार अग्निशमन जवान.

त्यांच्यापैकी एकाने उठून विचारलं, “काय काम?”

“बंब दुरुस्त करायचा आहे.”

त्यांनी एकमेकांकडे पाहिलं. “आमना बंब चालू शे, साहेब.”

“तुमचा नाही. माझा.”

“तुमचा? खासगी?”

मी चादर सोडली. चौघेही इतके हसले की एक जण खुर्चीवरून उठून गाडीच्या बोनेटला टेकला. रिक्षावालाही हसला, पण मीटर त्याने बंद केलं नव्हतं.

थोरल्या जवानाने डोळे पुसत बंबाची तोटी फिरवली. “माझ्या आईकडे असाच होता. आम्ही त्यातच शिकलो बघा. घरी पेटवायचा, इथे विझवायचा.” मी त्याला विचारलं, दोघांना एकच नाव कसं? तो म्हणाला, “दोघांना पाणी लागतं. एवढंच.” दोन पानांत मला जे साधलं नव्हतं ते त्याने तीन शब्दांत सांगितलं. पुढे मी मोठेपणाने म्हणालो की हा शब्द मूळचा संस्कृत असावा. घरी आल्यावर कोश उघडला, तर तो म्हणतो की पोर्तुगीजांच्या ‘बोंबा’वरून, म्हणजे पंपावरून आला. म्हणजे बंब जहाजातून उतरला आणि मी त्याचं मूळ ऋषींच्या कमंडलूत शोधत होतो.

तांबटांचा पत्ता त्या जवानालाच माहीत होता. जुन्या पेठेत अरुंद बोळ, दारात मोडकी घागर. तांबटबाबा सत्तरीचे, चष्म्याला दोरा. त्यांनी बंब उलटा केला, नळकांड्यात बोट घालून वास घेतला.

“रिकामा पेटाडेल शे.”

“काय?”

“पाणी न भरता पेटवला, साहेब. पाणी असलं तर सांधे जोडणारा डाख टिकतो. कोरडा पेटवला की वितळतो. हे बघा, कसा ओघळलाय.” खरंच, सांध्यावर डाख मेणबत्तीसारखा उतरला होता. “घरात पेटवतं कोण?”

बंब फक्त आबा पेटवायचे. पन्नासएक वर्षं. घरातलं प्रत्येक माणूस रोज सकाळी त्यांच्यापुढे बादली घेऊन उभं राहायचं आणि विचारायचं, “आबा, पानी तपनं का?” ते म्हणतील तेव्हाच तपायचं. पाणी भरायचंच विसरलो, हे त्या माणसाने घरात कसं सांगावं? सांगितलं तर पुढच्या दिवशी पऱ्हाट्या आणि काडेपेटी वहिनींच्या फडताळात, आणि आबा खुर्चीवर. सहा दिवसांचा घामट उपवास कशासाठी होता ते मला त्या बोळात कळलं. गिझरशी त्यांचं तितकं भांडण नव्हतं.

तांबटबाबांनी तीन तासांत नवा डाख दिला, वर चिंचेने घासून बंब लाल केला. मजुरी त्यांनी इतकी कमी सांगितली की मी शंकेने पुन्हा विचारली. “बंब आता कोण आणतं,” ते म्हणाले. मधल्या वेळात मी शेवभाजी खाल्ली. ज्यांना घाम यायचा असेल त्यांना व्यायामापेक्षा हा मार्ग स्वस्त पडेल.

संध्याकाळी पारोळ्यात आबा फाटकातच उभे होते. चादर सोडून त्यांनी सांध्यावरून अंगठा फिरवला.

“तांबट काय बोलना?”

वहिनी ओट्यावर तांदूळ निवडत होत्या. त्यांचे हात थांबले.

“डाख जुना होता म्हणाला,” मी सांगितलं. “आपोआप गळला.”

आबांनी चादरीची घडी घातली. “शाना मानूस शे,” ते म्हणाले. तांबट की मी, हे त्यांनी स्पष्ट केलं नाही.

रविवारी पहाटे ते मला उठवायला आले. बंबात बादल्या ओतून झाल्या होत्या, काडी हातात होती. “जवाईबुवा, जरा वाकीसन दखा. पानी शे ना?”

“आहे.”

“परत दखा.”

मी परत पाहिलं. मग धूर निघाला, आणि थोड्या वेळाने पाहुणे, आत्या, आतेभाऊ, सगळे बादल्या घेऊन रांगेत. “आबा, पानी तपनं का?” “थांब.” “आबा, आता?” “आते ले.” प्रत्येकाला किती कढत, किती गार, आबांना पाठ होतं. पंधरा-सोळा बादल्या गेल्या, खालची आगही विझली. आबा सर्वांत शेवटी उठले, तोटी फिरवली आणि तोटीने फक्त एक थेंब दिला.

तेवढ्यात कोपऱ्यावर गाड्यांचे हॉर्न. सोयरे आले.

वहिनी न्हाणीत गेल्या आणि वाफाळती बादली दारात ठेवून बाजूला उभ्या राहिल्या. आबांनी पाण्यात बोट घातलं. “हाई पानी कथाईन उनं?”

साडी सावरत हर्षदा पुढे आली. “लाइटना बंबमाईन, आबा.”

आबांनी छपराकडे पाहून विचार केला. “मंग बंबच शे ना,” ते म्हणाले आणि आत जाऊन कडी लावली. साखरपुड्याच्या पाटावर ते असे चमकत बसले होते की सोयऱ्यांनी पहिला नमस्कार नवरीच्या बापाऐवजी त्यांनाच केला.

पुण्यात परत येऊन चार दिवस झाले. सकाळी बटण दाबतो आणि लाल दिवा लागतो. बायको आतून विचारते, “पाणी तापलं का?” मी म्हणतो, “थांब.” तिने अजून कारण विचारलेलं नाही.

काल हर्षदाने फोटो पाठवला. बंबामागच्या भिंतीवर खडूने मोठ्या, थरथरत्या अक्षरांत लिहिलंय: पह्यले पानी. खाली तिचा मजकूर होता, “आबा म्हणतात, सूनबाई विसरते म्हणून लिहिलंय.”

त्या वाचकाला उत्तर पाठवायचं राहिलं होतं. दोन पानं फाडली आणि लिहिलं: बंब, पुल्लिंगी नाम. वापरण्यापूर्वी पाणी आहे ना, ते दुसऱ्याकडून बघून घ्यावं.