बेळगावला नेलेला शेंगोळीचा डबा

बेळगावला गेले ते एका व्याख्यानासाठी. माझं शिक्षण चौथी, आणि व्याख्यान पहिल्या ख्रिस्ती लोकांच्या जुन्या कागदांवर. घरात सगळे हसले. हसू देत. मला एकच गोष्ट विचारायची होती.

माझ्या धाकट्या बहिणीनं, शालननं, अनगोळच्या दावीदशी लग्न केलं, ख्रिस्ती झाली. मागल्या साली वारली, बेळगावातच पुरली. आमच्यात गेलेल्या माणसापुढं त्याच्या आवडीचं करून ठेवतात. मी हुलग्याच्या पिठाची रश्शातली शेंगोळी नेलती, तर दावीदनं स्मशानाच्या फाटकातच अडवलं. म्हणाला, आमच्या धर्मात चालत न्हाय. ते वर्षभर घशात अडकलं होतं. वर्ष भरलं, तशी पुन्हा शेंगोळी केली.

जाणाऱ्यांनी ऐका. आमच्या बोरगावहून निपाणी, तिथनं बेळगावची बस. कर्नाटकच्या सरकारी बसला बायकांना पैसे पडत न्हाईत, पण आधार कार्ड दाखवा. रस्त्याचं काम चाललंय, तास जास्तीच धरा. वाटेत चहा घेऊ नका, नुसतं गोड पाणी. खड्ड्यात बस आदळली आणि निम्मा रस्सा माझ्या पदरावर.

व्याख्यान कॉलेजच्या हॉलमध्ये, फुकट. बाई पुण्याच्या, ग्रीक वाचणाऱ्या. पडद्यावर फाटक्या कागदांचे फोटो; आमच्या तंबाखूच्या पानासारखे, बोट लावलं तर चुरा. पण बोलणं साधं. मला सगळं कळलं, ह्याचाच राग आला. इतकी वर्षं हे फक्त शिकलेल्यांनीच का ऐकायचं?

प्रश्नांच्या वेळी एक मास्तर स्वतःच भाषण करायला लागले. मी उभी राहिले. "तुमचं झालं असंल तर बसा. मला चारची बस हाय." मग बाईंना विचारलं, पहिले ख्रिस्ती मेलेल्याला जेवण द्यायचे का?

बाई म्हणाल्या, "कित्येक जण द्यायचे. थडग्यापाशी बसून जेवायचे. काही ठिकाणी तर आत दारू ओतायला नळी असायची. पुढं धर्मगुरू त्यावर रागावले. कुणी करतच नसतं, तर रागावले कशाला असते?"

रिक्षा करून थेट अनगोळला, दावीदच्या घरी. चप्पल न काढताच दावीदला सगळं सुनावलं. त्यानं खुर्ची पुढं ओढली.

"आक्का, धर्माचं मी खोटं बोललो."

"मग अडवलंस कशाला?"

"शालन दवाखान्यात बोलली होती. आक्काच्या हातचं माझ्यावर ठेवू देऊ नका, जित्यापणी घरात घेतलं न्हाय तिनं. हे तुमच्या तोंडावर कसं सांगणार?"

खरं होतं. लग्नानंतर दोनदा बोरगावला आलती. दोन्ही वेळा पायरीवर बसवून चहा दिला. दुसऱ्या वेळी आत शेंगोळी शिजत होती. वास तिच्यापर्यंत गेला असणारच.

दावीद म्हणाला, चला, ठेवा, मी काही बोलत न्हाय. मी म्हटलं, "नगं. तिनं सांगितलंय."

चारची बस चुकली. पाचच्या बसला उभी राहून आले. डबा खाली ठेवायलाही जागा न्हवती.

घरी उघडला तर आंबलेला. परसात ओतला. त्या बाईंचं व्याख्यान कुठं असलं तर जावा, खरं सांगतात. कुठल्या परक्या थडग्यांवर कोण जेवायचं ते मी विचारून आले. शालन पायरीवर बसली होती तेव्हा एवढंच विचारायचं होतं, जेवलीस का गं?