कापसाच्या खोलीतला कॅमेरा

दिवाळीनंतरच्या आठवड्यात, भर दुपारी, संग्रामपूर तालुक्यातल्या आमच्या घरात कापसाने पेट घेतला. माझे वडील, म्हणजे आबा, त्याच खोलीत झोपले होते. कुणीतरी हाक मारली म्हणून ते उठून बाहेर आले. घरात तेव्हा दुसरं कुणीही नव्हतं.

असल्या गोष्टींवर माझा विश्वास नाही. बुलढाण्यात एका दैनिकात बातम्या तपासण्यातच माझी सारी हयात गेली. इथेही तपासलेलंच लिहितो.

बोंडअळीतून वाचलेला कापूस दादाने, माझ्या थोरल्या भावाने, भाव चढेपर्यंत घरात रचला होता. शेतातून मोबाईलवर ढीग दिसावा म्हणून मी वायफायचा कॅमेरा आणून दिला. आग लागली ती त्याच कॅमेऱ्याच्या वायरमुळे...

“आबा, उठा! मांगं धूर निघून राह्यला!” – आबांनी ऐकलं ते एवढंच. आवाज तरण्या पोरीचा, अनोळखी. शेजारच्या शकीलभाईंनी बादल्या ओतून आग विझवली. कोपऱ्यातला कापूस तेवढा गेला.

“स्वप्न पडलं असेल,” मी आबांच्या कानाशी मोठ्याने म्हणालो.

“हाव, अन् कापूसबी सपनातच जळला काय बे?”

संध्याकाळी दादाच्या मोबाईलवरचं कॅमेऱ्याचं ॲप उघडलं. आगीच्या वेळी कॅमेऱ्याला एक अनोळखी मोबाईल जोडलेला होता. पासवर्ड खोक्यावर छापलेलाच, सगळ्या कॅमेऱ्यांना एकच; आम्ही तो कधी बदललाच नव्हता. म्हणजे परकं कुणीतरी आमचं घर पाहत होतं, आणि त्यानेच कॅमेऱ्यातून हाक दिली – मला उत्तर मिळालं.

वहिनीचा चेहरा उतरला. “भाऊजी, मी तिथंच साडी बदलतो. रोज कोन पाहे मले?”

“त्यानं जीव वाचवला, त्याले शिव्या नको देऊ,” आबा म्हणाले.

“वाचवला ते बरंच झालं, आबा. पन मानसानं दार वाजवून यावं.”

कॅमेरा त्याच दिवशी काढला. जळगाव जामोदच्या दुकानदाराने पासवर्ड बदलून दिला. ‘याचा आवाज किती लांब जातो?’ असं मी विचारलं, तेव्हा त्याने कॅमेरा उघडूनच दाखवला.

“साहेब, याच्यात स्पीकर येतच नाही.”

आबांच्या कानाचं मशीन त्या दुपारी स्वयंपाकघरात, डबीत होतं. मशीनशिवाय त्यांना शेजारचं भांडणही ऐकू येत नाही. हाक कुणी मारली, आणि त्यांना ती ऐकू कशी आली, ते मला अजून सांगता आलेलं नाही.

कॅमेरा आता गोठ्यावर आहे. उरलेला कापूस बऱ्या भावाने गेला. आबा दुपारी त्याच खोलीत झोपतात – मशीन डबीत ठेवून.