तिसऱ्यांदा विचारल्यावर

पोटात कावळे ओरडत असले तरी आयर्लंडातल्या आमच्या ड्रमकॉलिन गावात पहिल्या विचारण्याला कुणी 'हो' म्हणत नाही. पहिल्यांदा विचारलं की म्हणायचं, आत्ताच खाऊन आलो. दुसऱ्यांदा विचारलं की, छे, उगाच कशाला त्रास. तिसऱ्यांदा विचारलं की मान खाली घालायची आणि शिक्षा ऐकल्यासारख्या आवाजात म्हणायचं, बरं, एवढं म्हणतेसच तर थोडंसं. थोडंसं म्हणजे दोन वाडगे. डब्लिनची माणसं पहिल्यालाच हो म्हणतात. पण ती डब्लिनची माणसं, त्यांना कोण काय बोलणार!

कॉन्सेप्टा गिलहूलीच्या घरी हा सोहळा रोज दुपारी एकला व्हायचा. तिचा नवरा जार्लथ गेला त्या हिवाळ्यापासून फॉन्सी टार्पी रोज 'सहज, जाता जाता' तिच्या मागच्या दारात उभा राहायचा. जाता जाता म्हणजे कुठं, ते कुणी विचारलं नाही. तिच्या घराशी रस्ता संपतो आणि दलदल सुरू होते.

फॉन्सी पलीकडच्या उतारावर एकटा राहतो. तरुणपणापासून तो लग्नाचा विचार करतोय. घाई करणारा माणूस नाही. जमीन बेताची, मेंढ्या बेताच्या, बोलणं त्याहून बेताचं. लीक मात्र असे पिकवायचा की बघत राहावं. मनगटाएवढे जाड, दुधासारखे पांढरे. कांद्याच्या घराण्यातली ही सगळ्यात सभ्य मंडळी, आणि फॉन्सी माणसांपेक्षा त्यांच्याशीच जास्त बोलायचा. सकाळी कॉन्सेप्टाच्या दगडी कुंपणावर एका पोचे आलेल्या बादलीत लीक ठेवलेले असायचे. "कुनी ठिवलं, देवाला ठावं," म्हणत ती ते आत न्यायची आणि बादली धुऊन परत कुंपणावर ठेवायची. दुपारी सूप. वर्षानुवर्षं चाललेल्या या देवाणघेवाणीत कुणी कुणाला कधी काही दिलं नव्हतं, असं दोघंही शपथेवर सांगतील.

सूपाच्या बाबतीत कॉन्सेप्टाचा धर्म कडक. बार्ली, मसूर आणि वाटाण्याची डाळ आदल्या दिवशी भिजत घालायची. सकाळी लीक, गाजर, पार्सनिप, सेलरी आणि तो दगडासारखा सलगम चिरायचा. सलगम चिरताना ती सासूची आठवण काढायची, म्हणजे सुरी नीट चालते. तुकडे बोराएवढे, लहान नाही, मोठे नाही. सगळं लोण्यात टाकून वर लोण्याच्या पुड्याचाच कागद पांघरायचा आणि झाकण लावायचं. "भाजीला घाम सुटला पायजे, रंग न्हाई," ती सांगायची. "रंग पायजे आसंल तर स्पेनला जावं." मग पाणी, बटाटे, थाइमची काडी, आणि टर्फच्या, म्हणजे दलदलीतून कापून वाळवलेल्या मातीच्या विटांच्या, चुलीवर तास-दोन तास रटरट. शेवटी पळीनं चार बटाटे पातेल्याच्या कडेला चिरडायचे, म्हणजे सूप दाट होतं. सोबत ताकात मळलेला, जाड सालीचा सोडा ब्रेड.

थोरल्या पोरानं पर्थहून सूप घोटायचं विजेचं यंत्र पाठवलं होतं. ते खोक्यासकट मागच्या दाराला टेकू म्हणून लावलेलं आहे. "लई उपेगी वस्तू," ती फोनवर पोराला सांगायची, "वाऱ्यानं दार आपटत न्हाई." घोटलेलं सूप दात पडलेल्या माणसांनी आणि ॲट्रॅक्टा बर्ननं प्यावं, असं तिचं म्हणणं.

ॲट्रॅक्टा बर्न म्हणजे शाळेतून निवृत्त झालेल्या मोठ्या बाई. निवृत्त शाळेतून झाल्या, आमच्यावरून नाही. गावात कुणी गेलं की मातीनंतर सभागृहात सूप आणि सँडविच असतं, त्याचा कारभार बाईंकडं. त्यांचं सूप मऊ, गुळगुळीत, वरून मलईचं वेटोळं. मेलेल्या माणसाला बघवलं नसतं म्हणून तो आधीच पुरलेला असतो, असं कॉन्सेप्टा म्हणते.

तर नोव्हेंबरात पॅट्सी गेराटीची माती झाली. कॉन्सेप्टा कंबर धरल्यामुळं दफनभूमीतूनच घरी आली. फॉन्सी शवपेटीला खांदा देऊन, पावसात चिंब होऊन सभागृहात गेला. ॲट्रॅक्टाबाईंनी विचारलं, "फॉन्सी, सूप घेणार का?"

आणि फॉन्सी म्हणाला, "घेतो."

पहिल्यालाच.

फॉन्सीचा वाडगा रिकामा व्हायच्या आत दुकानवाली ब्रीज ही बातमी घेऊन कॉन्सेप्टाच्या दारात हजर. मैताला आलेल्या बाईनं एवढी घाई केली, त्या अर्थी बातमी पॅट्सीच्या मरणापेक्षा मोठी होती.

"पयल्यांदाच हो म्हनला?" कॉन्सेप्टानं विचारलं.

"पयल्यांदाच."

"मलईसकट?"

"मलईसकट. आनि परत वाडगा पुढं केला गं, आपल्या हातानं!"

कॉन्सेप्टानं चुलीत टर्फची एक वीट टाकली, जरा जोरातच.

दुसऱ्या दिवशी एकला मी तिथंच होते. अंडी द्यायला गेले होते, आणि अशा वेळी अंडी द्यायला फार वेळ लागतो. फॉन्सी टोपी हातात घेऊन दारात आला.

"सूप हाय," कॉन्सेप्टा त्याच्याकडं पाठ ठेवून म्हणाली.

"नगं गं. आत्ताच खाऊन आलोय."

"बरं."

आणि तिनं पातेल्यावर झाकण ठेवलं.

पायरी आहे समजून पाय टाकावा आणि खाली काहीच नसावं, तसं त्याचं तोंड झालं. तो थांबला. टोपी एका हातातून दुसऱ्या हातात घेतली. माझ्या अंड्यांकडं बघितलं.

"पाऊस यील म्हनत्यात," तो म्हणाला. त्याच्या टोपीतून पाणी गळत होतं.

"आलाय," कॉन्सेप्टा म्हणाली.

"मंग निघतो."

"नीघ."

तो गेल्यावर ती मला म्हणाली, "खाऊन आलोय म्हनला. मानसाच्या शब्दावर इस्वास ठिवायला नगं व्हय?"

झालं. एवढ्यानं दोन शहाणी म्हातारी माणसं आडमुठी होऊन बसली. तो परत आला असता, तर सूप मागायला आला असं झालं असतं. तिनं बोलावलं असतं, तर तिनं हार मानली असं झालं असतं. कुंपणावरचे लीक बंद झाले. शेवटची बादली तिच्याकडंच राहिली. कॉन्सेप्टा ब्रीजच्या दुकानातून प्लास्टिकमध्ये गुंडाळलेले लीक आणायला लागली आणि त्यांना घाम फोडताना असं बघायची, जणू त्यांनीच काही केलंय. पातेलं मात्र तेवढंच मोठं. कमी सूप करायला तिचा हात शिकलेलाच नव्हता. उरलेलं माझ्या कोंबड्यांना, मला, परत कोंबड्यांना. एक वाजत आला की ती दोन वाडगे काढायची, मग एक परत फळीवर ठेवायची, आणि मागच्या दाराकडं असं न बघता बघायची की मलाच तिकडं बघवायचं नाही. तो घास-दोन घासांचा तास तिचा दिवस धरून ठेवत होता, हे तिला ठाऊक होतं. कबूल करायला तिला आधी तीनदा विचारावं लागलं असतं.

मग एक दिवस ब्रीज दुसरी बातमी घेऊन आली.

"फॉन्सीनं बार्ली घेतली."

"मेंढ्यांना आसंल."

"थाइम बी घेतला. मेंढ्यांना फोडनी देतोय व्हय?"

कॉन्सेप्टाचा चेहरा पडला. आपलं आपण सूप करायला लागलेला माणूस परत कशाला येतोय! "त्या मास्तरणीनं शिकिवलं आसंल," ती म्हणाली. थोड्या वेळानं उठली, बादली घासली, पुसली, परत घासली आणि अंगात कोट चढवला. "बादली परत द्याया पायजे. दुसऱ्याची वस्तू घरात ठिवू न्हाई. तू बी चल."

"मी कशाला?"

"एकटी बाई बाप्याच्या घरात शिरली तर लोक काय म्हनतील?"

तिला पंचाहत्तरी उलटून गेलेली, कमरेत धातूचा सांधा. लोकांनी 'जमलं एकदाचं' म्हटलं असतं. पण मी गप कोट घातला.

फॉन्सीच्या घरात वाफच वाफ. चुलीवरच्या पातेल्याचं झाकण उड्या मारत होतं आणि तो त्याच्यापुढं जिल्ह्याच्या साहेबापुढं उभा राहावा तसा उभा.

"काय शिजवतुयास?" कॉन्सेप्टानं विचारलं.

"कायबी न्हाई."

"त्या कायबी न्हाईखालचा जाळ कमी कर. करपतंय."

त्यानं जाळ कमी केला. तिनं बादली टेबलावर ठेवली. आता निघायचं होतं, पण दोघींपैकी कुणी हललं नाही. फॉन्सीनं घसा साफ केला.

"दिऊ का थोडं?"

"नगं. आत्ताच खाऊन आले." सकाळपासून तिच्या पोटात चहाशिवाय काही नव्हतं.

"घे गं. हाय लई."

"उगाच कशाला तरास."

फॉन्सीनं हातातली पळी खाली ठेवली आणि पाठ फिरवली. कॉन्सेप्टानं बादलीची कडी अशी धरली, जणू तिलाच कुणी उचलून नेणार आहे. तिनं शिकवलेला धडा तिच्यापुढं येऊन उभा होता, आणि आता 'बरं' म्हणायची पाळी त्याची होती.

"तिसऱ्यांदा इचारतोय, कॉन्सेप्टा," तो पातेल्याकडं बघत म्हणाला. "कुनीतरी इचारायला पायजे."

"येवढं म्हनतुयासच तर," ती म्हणाली आणि मटकन बसली.

मलाही विचारलं. दोनदाच. देव दयाळू आहे.

त्या सूपाचं वर्णन करणं पाप आहे. गाजरं अर्धी अर्धी, लीक सरपणासारखे तोडलेले, बार्ली न भिजवता टाकलेली, ती दाताखाली छऱ्यासारखी वाजत होती. सलगम तर सालीसकट. कॉन्सेप्टानं चमचाभर घेतलं, चावलं, बराच वेळ चावलं.

"बाईंची पद्धत का ही?"

"बाईंचं घोटल्यालं आसतंय. ह्याच्यात तुकडं हायत."

"तुकडं? ही झाडं हायत, फॉन्सी."

"तुला तुकडं लागत्यात म्हनून," तो म्हणाला. "म्हनलं, आधी करून बगावं. जमलं तर तुझ्याकडं घिऊन यावं. यायला कायतरी कारन पायजे का न्हाई?"

कॉन्सेप्टानं दुसरा चमचा भरला. तो फुंकत म्हणाली, "तिला पयल्यालाच हो म्हनलास."

"ती दुसऱ्यांदा इचारत न्हाई गं. मागं रांग आसती. न्हाई म्हनलं आसतं तर उपाशी मेलो आसतो. तूच तेवढी परत इचारतीस, म्हनून तुला न्हाई म्हनतो."

तिनं वाडगा संपवला. तो संपतोय तोवर फॉन्सी पळी घेऊन तयार.

"आनखी?"

"नगं नगं!" यावेळचं नको मनापासून होतं.

"घे की."

"पोट भरलं रं."

"घेच आता," तो म्हणाला, तिसऱ्यांदा, अगदी गरीब तोंड करून. आमच्या गावात याच्यापुढं कायदा नाही. बाईनं तो दुसरा वाडगाही तळापर्यंत संपवला, सलगमाच्या सालीसकट. उठताना म्हणाली, "वाईट न्हाई." आमच्याकडं यापेक्षा मोठी स्तुती फक्त मेलेल्या माणसाची करतात.

दुसऱ्या दिवशी कुंपणावर बादली होती, तिच्यात लीक होते, आणि ते कुणी ठेवले देवाला ठाऊक. एकला फॉन्सी जाता जाता दारात आला. कॉन्सेप्टानं त्याला काही विचारलंच नाही. दोन वाडगे आधीच भरून टेबलावर ठेवले होते, ब्रेड कापलेला होता. तिला आता जोखीम नको होती.

फॉन्सी बसला. चमचा हातात घेतला.

"नगं गं, आत्ताच खाऊन आलोय," तो वाडग्याला म्हणाला आणि एक घोट घेतला. "उगाच कशाला तरास." आणखी एक. मग मान खाली घालून, रीत म्हणजे रीत, "बरं, येवढं म्हनतीयास तर," आणि ब्रेडचा तुकडा सूपात बुडवला.