उन्नीने केलंय

"आता कळणार बघ त्याला!" असं म्हणून माझी रूममेट माझ्या मांडीवर जोरात चापट मारायची. दर शुक्रवारी सुट्टीच्या दुपारी कुवेतला, अबू हलीफातल्या आमच्या खोलीत तिची कोरियन मालिका लागायची आणि माझी मांडी लाल व्हायची.

मालिकेत दोन मुली एका घरात राहतात आणि नायक एकीला दुसरीच समजून बसतो. "अरे, डोळे आहेत की बटणं तुला?" मी टीव्हीवर ओरडायचे. "लवकर कळलं तर मजा काय गो, उन्नी?" ती म्हणायची.

ती रत्नागिरीची, आमच्याच दवाखान्यात लॅब टेक्निशियन. मी सांगलीची, नर्स, तिच्याहून सात वर्षांनी मोठी. कोरियन मुली मोठ्या बहिणीला 'उन्नी' म्हणतात, म्हणून मी तिची उन्नी.

स्पष्टच सांगते, मी तिच्यावर जळायचे. मी भाताकडे बघितलं तरी फुगते. ही तूप ओतून जेवायची आणि काडीची काडीच. खालचा बकालावाला, म्हणजे इथला किराणावाला, मला वरची सुकलेली कोथिंबीर द्यायचा, तिला आतून ताजी जुडी काढून. आमच्या इजिप्शियन डॉक्टरांना माझं नाव चार वर्षांत आलं नाही, तिचं चार दिवसांत आलं.

पण खरी आग लागली ती एक्स-रेवाल्यामुळे. साताऱ्याचा माणूस. हळू बोलणारा, म्हाताऱ्या पेशंटला हात देऊन टेबलावर बसवणारा. जेवायला रोज कोरडा खुबूस, ती इथली अरबी रोटी, आणि दही. माझा जीव गुंतला. बोलायचं धाडस कुठलं! मग मी त्याच्यासाठी डबा करायला लागले. भाकरी, मेथीची भाजी, शेंगदाण्याची चटणी. माझी ड्यूटी दुपारची, त्या दोघांची सकाळची. म्हणून डबा ती न्यायची.

"मी केलंय म्हणून सांगतेस ना?"

"सांगते गो बाई, रोज सांगते."

आणि खरंच सांगायची. "उन्नीने केलंय," असं.

तीन महिने हे चाललं. मग दवाखान्यातल्या दिवाळी फराळाला तो आपणहून माझ्याजवळ आला. "तुमच्या त्या उन्नीला नमस्कार सांगा हं. केरळचा माणूस, पण भाकरी काय थापतो! आमच्या आईला जमायची नाही."

तुम्ही कुवेतमध्ये राहिला असाल तर त्याला दोष देणार नाही. इथं मेस म्हटली की एखादा मल्याळी उन्नी असतोच, त्यांच्यात ते पुरुषाचं नाव. आणि 'केलंय' म्हटल्यावर बाई की बाप्या, कळतंय कुठं! आपल्या मराठीनंच माझा घात केला.

माझ्या तोंडात चकली होती. ती गिळेपर्यंत तो पुढं बोललासुद्धा. "आणि तुमची मैत्रीण, रोज न चुकता आणून देते. परमुलखात कोण करतं एवढं?" बोलताना तो तिच्याकडेच बघत होता.

घरी सांगितलं तर ती हसून हसून पलंगावरून पडली. पण दुसऱ्या दिवशी तिनं त्याला खरं सांगून टाकलं, लपवलं नाही. तो माझी ड्यूटी सुरू होईपर्यंत थांबला, कान लाल करून म्हणाला, "माफ करा ताई."

ताई! संपलं की सगळं. तरी डबा मी बंद केला नाही. बंद केला असता तर दोघांना कळलं असतं.

पुढं त्यांचं जमलं. लग्नासाठी गावी निघायच्या आदल्या दिवशी ती बॅग भरत होती. हातातली साडी तशीच धरून थांबली. "उन्नी, खरं सांग. तुला आवडायचा काय गो तो? तू हो म्हण, मी नाय जात."

"छे! काहीतरीच. भावासारखा आहे मला."

"मग बरं," ती म्हणाली आणि बॅगेची चेन ओढायला लागली. चेन बसेना, म्हणून मी बॅगेवर बसले. तिनं ओढली.

आता ती दोघं इथंच कुवेतमध्ये, अर्दियाला राहतात. तिचा पलंग रिकामा आहे. दुसरी मुलगी ठेव असं सगळे म्हणतात, मला नको. राग त्याच्यावर नाहीच, तो बिचारा बावळट. राग तिच्यावर आहे. तीन वर्षं एका खोलीत काढली आम्ही. माझं खोटं 'छे' तिला आवाजावरून कळायचं. तिनं दुसऱ्यांदा विचारलं असतं तर मी हो म्हणाले असते, आणि हे तिला ठाऊक होतं.